भावाला आतड्याचा कॅन्सर. आम्ही बहिणींनी खाण्यात काय बदलावं, आणि ‘पोटातले जंतू तपासायचं किट’ घ्यावं का?

सुमन_डिचोली

नमस्कार मंडळी. गोष्ट घरची आहे, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

माझा धाकटा भाऊ ४१ वर्षांचा. त्याला मोठ्या आतड्याचा कॅन्सर निघाला. ऑपरेशन झालं, आता केमो चालू आहे. त्याआधी बरेच महिने त्याला शौचातून रक्त जायचं. एका दवाखान्यात मूळव्याध म्हणून मलम आणि गोळ्या दिल्या, आत कुणी बघितलंच नाही. पुढे हिमोग्लोबिन इतकं खाली आलं की जिना चढताना धाप लागायला लागली, तेव्हा कुठे कोलोनोस्कोपी, म्हणजे आतड्याची दुर्बिणीतून तपासणी, झाली. दारू नाही, सिगरेट नाही. कारखान्यात शिफ्टची नोकरी. रात्रपाळी सुटली की गाड्यावर रस ऑम्लेट नाहीतर चोरीस-पाव (चोरीस म्हणजे डुकराच्या मांसाचं मसालेदार सॉसेज), मग झोप, उठल्यावर चहा-बिस्किटं. घरचं ताजं शीत-हुमण (भात आणि मासळीची कढी) त्याच्या वाट्याला सुट्टीच्या दिवशीच.

आता घरात जो तो काही ना काही सांगतोय. आईने पुरुमेंताला (पावसाळ्याच्या बेगमीला) भरून ठेवलेले सुके बांगडे, सुकी सुंगटं (कोळंबी) डब्यासकट उचलून दुसऱ्यांना दिली. ‘माझ्याच हातचं खाऊन झालं’ म्हणून रडत बसते. भाचीने मोबाइलवर एका कंपनीचं किट दाखवलं. शौचाचा नमुना कुरिअरने पाठवायचा, मग पोटात कुठले जंतू आहेत ते सांगतात आणि त्याप्रमाणे प्रोबायोटिकच्या (पोटाला चांगल्या समजल्या जाणाऱ्या जिवंत जंतूंच्या) कॅप्सूल महिन्याच्या महिन्याला घरी येतात. किंमत ऐकून मी गप्पच झाले. पण कॅन्सरचं नाव निघालं की माणूस पैशाकडे बघत नाही.

पोटातल्या जंतूंचा आणि कॅन्सरचा खरंच संबंध आहे का, की विकायचं म्हणून सांगतात? मी ४४ ची, माझी बहीण ३७ ची. आम्ही काय खावं, काय सोडावं? आणि आईला काय सांगू?

केरी_सत्तरी

सुमनताई, खाण्याचं नंतर बघू. आधी तुम्ही दोघी बहिणी कोलोनोस्कोपीची वेळ घ्या.

सख्ख्या भावंडाला कॅन्सर झाला असेल तर बाकीच्यांनी चाळिसाव्या वर्षी, किंवा भावंडाला ज्या वयात झाला त्याच्या दहा वर्षं आधी, यातलं जे लवकर येईल तेव्हा तपासायचं असतं. म्हणजे तुमच्या घरात हा हिशेब ३१ वर येतो. दोघीही त्याच्या पुढे आहात. त्रास नसला तरी जायचं.

माझ्या नवऱ्याचं निघालं तेव्हा डॉक्टरांनी भावंडांना बोलावलं होतं. धाकटे दीर अगदी ठणठणीत, सायकलवरून शेतात जाणारे. त्यांच्या आतड्यात पॉलिप, म्हणजे अस्तरावर वाढलेला लहानसा कोंब, सापडला. तपासताना तिथल्या तिथे काढून टाकला. कॅन्सर व्हायला अशा पॉलिपला बहुतेक वेळा कितीतरी वर्षं लागतात, तेवढी मुदत आपल्या हातात असते. गोमेकॉत (गोवा मेडिकल कॉलेजात) गॅस्ट्रोची, म्हणजे पोटाच्या विकारांची, ओपीडी आहे. भावाचे बायोप्सीचे कागद झेरॉक्स करून सोबत न्या.

आणखी एक. भावाचं वय पन्नाशीच्या आतलं आहे, म्हणून त्याच्या गाठीची ‘एमएमआर’ तपासणी झाली का ते त्याच्या डॉक्टरांना नक्की विचारा. तिच्यातून हा आजार घराण्यातून आलेला असू शकतो का याचा अंदाज येतो. लिंच सिंड्रोम म्हणतात त्याला. तसं निघालं तर तपासण्यांचं वेळापत्रकच वेगळं होतं, आणि त्याच्या मुलांनाही मोठं झाल्यावर ते माहीत असायला हवं.

फोंड्याचा_मास्तर

सुमनताई, केरीच्या ताईंनी लिहिलं ते पहिलं करा. मी डॉक्टर नाही. कॉलेजात सूक्ष्मजीवशास्त्र शिकवायचो, आता निवृत्त आहे. पोटातल्या जंतूंचा विषय आयुष्यभर वाचत आलो, म्हणून तेवढ्यापुरतं लिहितो.

संबंध आहे, नक्की आहे. विकणाऱ्यांनी तो शोधून काढलेला नाही. जठरात राहणारा हेलिकोबॅक्टर पायलोरी हा त्यातला सगळ्यात पक्का पुरावा. ऑस्ट्रेलियाच्या बॅरी मार्शल यांनी १९८४ मध्ये या जंतूंचं मिश्रण स्वतः पिऊन जठराला सूज येते हे दाखवलं. जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने १९९४ मध्ये या जंतूला कर्करोगकारक ठरवलं, आणि २००५ मध्ये मार्शल आणि रॉबिन वॉरन यांना नोबेल मिळालं. मोठ्या आतड्याचं चित्र एवढं सरळ नाही. तिथे एकच जंतू दोषी आहे असं कुणी म्हणत नाही. फ्युझोबॅक्टेरियम म्हणून एक जंतू एरवी तोंडात, हिरड्यांत असतो. तो आतड्याच्या गाठींमध्ये मोठ्या संख्येने सापडतो हे २०१२ मध्ये दोन वेगवेगळ्या गटांनी दाखवलं. आणि ई. कोलायच्या काही जाती कोलिबॅक्टिन नावाचं विष तयार करतात, ते पेशीच्या डीएनएवर ओळखू येईल अशी खूण ठेवतं. २०२५ मध्ये ११ देशांतल्या रुग्णांच्या गाठी तपासल्या, तेव्हा ही खूण सत्तरीनंतर आजार झालेल्यांपेक्षा चाळिशीच्या आत आजार झालेल्यांत साधारण ३.३ पट जास्त आढळली. संशोधकांचा अंदाज असा की ती बहुधा लहानपणीच, पहिल्या दहाएक वर्षांत उमटते. ते जंतू लहान मुलाच्या पोटात नेमके कशामुळे बळावतात, यावर अजून काम चालू आहे.

हे मुद्दाम आधी लिहिलं, आईसाठी. एका माणसाच्या आजाराचं खापर एका ताटावर फोडता येत नाही. कुठल्याच शास्त्रज्ञाला ते जमणार नाही. त्यांना सांगा, सर म्हणाले म्हणून सांगा.

आता खाण्याचं. आपण ज्याला चोथा म्हणून टाकून देतो तो या जंतूंचा घास असतो. भाजीतले, कडधान्यातले, कोंड्यातले तंतू आपल्याला पचत नाहीत. ते तसेच मोठ्या आतड्यात पोचतात, तिथले जंतू ते आंबवतात आणि त्यातून ब्युटिरेट नावाचं लहानसं आम्ल तयार होतं. मोठ्या आतड्याच्या अस्तराच्या पेशी आपली बहुतेक ऊर्जा त्यातूनच घेतात. निरोगी पेशी ते जाळून टाकते. कॅन्सरच्या वाटेला लागलेली पेशी साखरेवर जगते, तिच्यात ब्युटिरेट साचतं आणि प्रयोगशाळेत तरी असं दिसतं की त्यामुळे तिची वाढ थांबते. तंतू मिळालेच नाहीत तर जंतू उपाशी बसत नाहीत. घरातलं धान्य संपलं की उंदीर गाद्या कुरतडायला लागतात, तसे ते आतड्याच्या आतला बुळबुळीत संरक्षक थर खायला लागतात. उंदरांवरच्या प्रयोगात २०१६ मध्ये हे स्पष्ट दिसलं.

माणसांवरचा मला सगळ्यात मोलाचा वाटणारा प्रयोग २०१५ चा. अमेरिकेतले २० कृष्णवर्णीय लोक आणि दक्षिण आफ्रिकेच्या खेड्यातले २० लोक, दोन आठवडे त्यांच्या आहाराची अदलाबदल केली. अमेरिकनांना दिवसाला ५५ ग्रॅमच्या आसपास तंतू असलेलं आफ्रिकी जेवण, आफ्रिकनांना मांस आणि चरबीचं अमेरिकी जेवण. दोनच आठवड्यांत अमेरिकनांच्या आतड्यात ब्युटिरेट वाढलं, अस्तराची सूज कमी झाली. आफ्रिकनांच्यात बरोब्बर उलट. दोन आठवड्यांत कॅन्सर होत नाही की बरा होत नाही, पण आतड्यातलं वातावरण इतक्या लवकर फिरतं हे कळलं.

म्हणून ताई, तुमच्या प्रश्नाचं माझं उत्तर डिचोलीच्या बाजारातच आहे. जागतिक आरोग्य संघटना मोठ्यांना दिवसाला किमान २५ ग्रॅम तंतू आणि ४०० ग्रॅम भाज्या-फळं सांगते. आपल्या आज्यांच्या जेवणात ते आपसूक यायचं. दहा-अकराच्या सुमाराला उकड्या तांदळाची पेज. दुपारी अळसांद्यांचं (चवळीसारख्या कडधान्याचं) कालवण नाहीतर मुगागाठी (मोड आलेल्या मुगाची आमटी), बाजूला तांबडी भाजी (लाल माठ), कधी केळफूल, कधी नीरफणस. पावसात तायकिळो (टाकळा), तेरें (रानअळू), किल्ल (बांबूचे कोंब). चवथीला खतखतं, त्यात घरोघरी निरनिराळ्या भाज्या. हा वेगवेगळेपणा जंतूंनाही मानवतो. अमेरिकेत हजारो लोकांच्या नमुन्यांची पाहणी २०१८ मध्ये आली. आठवड्याला तीसहून जास्त प्रकारच्या वनस्पती खाणाऱ्यांच्या पोटात जंतूंचं वैविध्य दहाच्या आत प्रकार खाणाऱ्यांपेक्षा जास्त होतं. मसाले, कडधान्यं, फळं सगळी धरून तीस. आपल्याकडे मनावर घेतलं तर कठीण नाही.

उकड्या तांदळाबद्दल थोडं जास्त लिहितो, कारण आपल्या लोकांनी तो सोडून पांढरा सुरय (न उकडलेला तांदूळ) धरला आणि मला त्याचं फार वाईट वाटतं. भात शिजून थंड झाला की त्यातला काही स्टार्च अशा रूपात जातो की लहान आतड्यात पचत नाही, तंतूंसारखा खाली जातो. उकड्यात तो आधीच जरा जास्त असतो. हिरवट केळ्यातही असतो. लिंच सिंड्रोम असलेल्या हजाराच्या आसपास लोकांवर ब्रिटनमधल्या डॉक्टरांच्या पुढाकाराने मोठी चाचणी झाली. त्यातल्या निम्म्यांना साधारण दोन वर्षं रोज ३० ग्रॅम असा स्टार्च दिला. निकाल २०२२ मध्ये आला. मोठ्या आतड्याच्या कॅन्सरमध्ये फरक पडला नाही. पण जठर, लहान आतड्याचा वरचा भाग, स्वादुपिंड अशा बाकीच्या ठिकाणचे कॅन्सर जवळपास निम्म्यावर आले. दोन्ही अर्ध्या गोष्टी लक्षात ठेवा. पेज पिते म्हणून कोलोनोस्कोपी टाळली, असं होता कामा नये.

चोरीस. मीठ, व्हिनेगर लावून, वाळवून, धुरी देऊन टिकवलेलं मांस म्हणजे प्रक्रिया केलेलं मांस, आणि ते २०१५ पासून वर सांगितलेल्या कर्करोग संशोधन संस्थेच्या यादीत कर्करोगकारकांच्या पहिल्या गटात आहे. तंबाखूही त्याच गटात आहे, पण म्हणून धोका तंबाखूएवढा असा अर्थ होत नाही. गट पुराव्याच्या पक्केपणावरून ठरतो. रोज ५० ग्रॅम खाल्लं तर मोठ्या आतड्याच्या कॅन्सरचा धोका सुमारे १८ टक्क्यांनी वाढतो. म्हणजे शंभरातल्या पाच जणांना होणार असेल तर सहा जणांच्या जवळ जातो. सणासुदीला एकदा खाल्ल्याने आकाश कोसळत नाही. रोज सकाळी गाड्यावर, ते नको. सॉसेज, सलामी, बेकन सगळं त्यातच. आणि फेणी-उर्राक ‘घरची’ म्हणून निर्दोष होत नाही. दारू १९८८ पासून त्याच पहिल्या गटात आहे, आणि आता आतड्याच्या कॅन्सरसाठीसुद्धा.

किट घेऊ नका. निरोगी पोटात कोणता जंतू किती असावा याचं सर्वमान्य माप अजून ठरलेलं नाही, मग तुमचा अहवाल कशाशी ताडणार? आणि ती कॅन्सरची तपासणी नव्हे. कॅप्सूलबद्दल: २०१८ मध्ये इस्रायलच्या संशोधकांनी अँटिबायोटिक घेतलेल्या लोकांना प्रोबायोटिक दिलं, तर त्यांचे मूळचे जंतू परत यायला उलट जास्त वेळ लागला. त्याऐवजी घरचं दही-ताक घ्या. नाचणीची आंबील ताक घालून रात्रभर ठेवलेली. स्टॅनफर्डच्या २०२१ च्या अभ्यासात आंबवलेलं खाणाऱ्यांच्या पोटातलं वैविध्य वाढलं आणि रक्तातली सूज दाखवणारी कितीतरी द्रव्यं कमी झाली. सान्नां (इडलीसारखी आंबवलेल्या तांदळाची) वाफेवर उकडतात, त्यात जिवंत जंतू उरत नाहीत, पण म्हणून सान्नां वाईट नाहीत.

किटचे पैसे वाचतील त्यात वर्षभराचे अळसांदे येतील.

काणकोणकार

मास्तर, सगळं पटलं, पण सुक्या मासळीचं तुम्ही काहीच लिहिलं नाही. ताईंच्या आईने बांगडे देऊन टाकले हे वाचून जीव कळवळला.

आमचं घर रापणकारांचं, म्हणजे किनाऱ्यावरून मोठं जाळं ओढून मासे धरणाऱ्यांचं. १ जूनपासून ३१ जुलैपर्यंत मासेमारी बंद, त्या दिवसांत गरिबाच्या ताटात दुसरं काय असतं? पेज आणि भाजलेला खारा बांगडा. आमचा आजा त्यावरच नव्वदीला टेकला. आता शहरातले लोक कॅन्सर कॅन्सर करून तेही बंद करायला निघालेत. आमच्या बायका मेच्या उन्हात दिवस दिवस बसून मासळी सुकवतात, म्हापशाला नेऊन विकतात. त्यांच्या पोटावर पाय येतो.

फोंड्याचा_मास्तर

भाऊ, तुमचं म्हणणं रास्त आहे आणि ते राहून गेलं होतं.

पहिल्या गटात जी खारवलेली मासळी आहे ती ‘चिनी पद्धतीची’ म्हणून नमूद केलेली आहे, आणि तिचा संबंध मुख्यतः नाकाच्या मागच्या घशाच्या कॅन्सरशी आहे. ती तिकडे अगदी तान्ह्या मुलांनाही भरवायचे. मोठ्या आतड्याच्या कॅन्सरचा दोष सुक्या बांगड्यावर टाकायला आधार नाही. सुमनताई, हे वाक्य आईला वाचून दाखवा.

प्रश्न आहे तो मिठाचा आणि जठराचा. भरपूर मिठाने जठराचं अस्तर दुखावतं आणि हेलिकोबॅक्टरला आयतं रान मिळतं. देशात जठराच्या कॅन्सरचं प्रमाण सगळ्यात जास्त मिझोराममध्ये आहे. तिथे धुरी दिलेलं, खारवलेलं मांस आणि मासळी यांच्याबरोबर तंबाखूचा धूर मुरवलेलं पाणी प्यायची चालही आहे, म्हणजे कारण एकटं मीठ नव्हे. पण दिवसाला सगळं मिळून ५ ग्रॅम मीठ ही मर्यादा पाळायची तर एका जेवणाला खारा बांगडा, चेपणीची तोरां (मिठात मुरवलेल्या कैऱ्या) आणि वर लोणचं, हे तिन्ही एकत्र बसत नाही. यातलं एक घ्या. बांगडा दोन पाण्यांत भिजवून घ्या, बरंचसं मीठ निघून जातं. निखाऱ्यावर काळा करू नका. किसमूर (सुक्या मासळीची कोशिंबीर) केलीत तर ओलं खोबरं, कांदा जास्त, सुंगटं चवीपुरती. बिनमिठाची, नुसत्या उन्हात वाळवलेली सुंगटं मिळाली तर ती केव्हाही चांगली.

तुमचा आजा बांगड्याबरोबर उकड्याची पेज पीत होता आणि दिवसभर दोर ओढत होता. तेही धरा.

बायणा_सिस्टर

मी कॅन्सर वॉर्डमध्ये सिस्टर आहे. सुमनताई, वरचं सगळं तुम्हा दोघी बहिणींसाठी ठीक आहे. भावाला आत्ता यातलं काहीही परस्पर सुरू करू नका, म्हणून हे लिहितेय.

आतड्याचं ऑपरेशन ताजं असेल किंवा पोटावर पिशवी असेल तर सुरुवातीला कमी चोथ्याचंच जेवण देतात. अळसांदे, केळफूल, कच्ची भाजी यांनी पोट फुगतं, कधी अडकतं. किती दिवसांनी काय सुरू करायचं ते त्याचे सर्जन आणि आहारतज्ज्ञ सांगतील. माझ्या अनुभवात नातेवाईक प्रेमाने पहिल्याच आठवड्यात डबा भरून कडधान्य आणतात आणि पेशंट रात्रभर कळवळतो.

केमोमध्ये पांढऱ्या पेशी खाली येतात. तेव्हा प्रोबायोटिकच्या कॅप्सूल डॉक्टरांना न विचारता बिलकूल द्यायच्या नाहीत. क्वचित का होईना, त्यातले जिवंत जंतू रक्तात उतरून गंभीर संसर्ग झालेला आहे. दही चालेल का, कुठलं चालेल, तेही विचारा. उघड्यावरचा उसाचा रस, कापून ठेवलेली फळं, सूर (माडाची ताडी), हे बंद.

मास्तरांनी थंड भाताचं लिहिलंय. भात शिजल्यावर ओट्यावर तासन्‌तास ठेवू नका. आपल्या हवेत त्यात बॅसिलस सेरियस वाढतो आणि त्याचं विष परत गरम करूनही जात नाही. लवकर गार करून फ्रिजमध्ये ठेवायचा. आणि भावाला ऑक्सालिप्लॅटिन चालू असेल तर (आतड्याच्या कॅन्सरमध्ये बऱ्याचदा असतं) त्याला थंड काहीच नको. इंजेक्शननंतर काही दिवस फ्रिजचं पाणी प्यायलं की घसा आवळल्यासारखा होतो, फ्रिजचं हँडल धरलं तरी बोटांत मुंग्या येतात. आमच्याकडे एक पेशंट घाबरून रात्री परत आला होता, त्याला कुणी हे सांगितलंच नव्हतं. भावाला पेज ऊनच द्या, त्यात थोडं तूप, चिमूटभर मीठ. मऊ खिमट, गाळलेलं मुगाचं कढण, उकडलेलं अंडं, काटे काढलेली ताजी मासळी. ताजी मासळी त्याला हवीच, प्रथिनं लागतात. वजन घटू न देणं हे त्याचं आत्ताचं सगळ्यात मोठं काम आहे.

सुमन_डिचोली

सगळ्यांचे मनापासून आभार. भावाला तेच इंजेक्शन चालू आहे, त्याच्या बोटांच्या मुंग्यांचं कारण आज कळलं. वहिनीला लगेच फोन केला. एमएमआरचं विचारलं, गाठीचा नमुना तपासायला पाठवलाय, रिपोर्ट यायचा आहे.

मास्तरांचं वाक्य आईला मोठ्याने वाचून दाखवलं. ती काही बोलली नाही, पण संध्याकाळी विचारलं की उकडे तांदूळ कुणाकडे चांगले मिळतात.

बहिणीची आणि माझी कोलोनोस्कोपी ठरली, एकाच दिवशी. किट घेत नाही. तपासणीच्या आधी पोट साफ करायचं औषध दिलंय. त्याच्या आदल्या दिवशी काय खायचं-प्यायचं ते कुणी अनुभवाने सांगाल का? कागदावर नुसतं ‘क्लिअर लिक्विड’ लिहिलंय.

केरी_सत्तरी

ताई, बरं केलंत. दोन-तीन दिवस आधीपासून भाजी, कडधान्य, बिया असलेली फळं बंद करा. पेरू, टॉमेटो, अंजीर नको. पोई (कोंड्याचा पाव) नको, साधा पाव चालेल. आदल्या दिवशी शहाळ्याचं पाणी, बिनदुधाचा चहा, गाळलेलं सूप, लिंबूपाणी, असं आरपार दिसणारंच काही. लाल रंगाचं काहीच घेऊ नका, आत बघताना रक्तासारखं दिसतं. म्हणजे कोकमाचं सरबतही नाही आणि सोलकढीही नाही. औषध पिताना दर खेपेला गार पाण्याचा घोट घ्या, चव कमी लागते. बीपीच्या, साखरेच्या किंवा रक्त पातळ करायच्या गोळ्या असतील तर त्या आधीच विचारून ठेवा. भुलीचं इंजेक्शन देतात, तेव्हा परत येताना गाडी चालवायला घरातलं कुणीतरी सोबत असू द्या, दोघी एकट्या जाऊ नका.